लहान गावातलं रॉक रेडिओ स्टेशन: त्याची मालकी आणि इतिहास कसा शोधायचा

मी नेब्रास्कातल्या एका लहान गावाच्या सार्वजनिक वाचनालयात अठरा वर्षं काम करते. काउंटरवर येणाऱ्यांपैकी निम्मे लोक जुनं काहीतरी शोधत असतात. कुणाला आजोबांच्या मृत्यूची बातमी हवी असते, कुणाला शेताचा जुना नकाशा. आणि दर दोन-तीन महिन्यांनी कुणीतरी गावाच्या रॉक स्टेशनबद्दल विचारतं. ते नक्की कोणाचं होतं, सुरू कुणी केलं, आणि एका सोमवारी सकाळी अचानक तिथे प्रार्थनेची गाणी कशी लागली? विचारणारा माणूस साठीच्या आसपासचा असतो. हातात कधी विटलेलं स्टिकर असतं, कधी एखादी कॅसेट.

मलाही त्या स्टेशनची माया आहे. रात्री वाचनालय बंद करून घरी जाताना बावीस मैलांचा रस्ता, दोन्ही बाजूंना मका, आणि गाडीत फक्त तेच स्पष्ट लागायचं. म्हणून त्याचा शोध मी स्वतःच घेतला. त्यात दोन वर्षं गेली, पण नीट वाट माहीत असती तर सहा महिन्यांत झालं असतं. ती वाट इथे लिहून ठेवते. अमेरिकेतल्या कुठल्याही खेड्यातल्या एफएम स्टेशनला ती लागू पडेल.

आधी दोन धागे वेगळे करा

अमेरिकेत फ्रिक्वेन्सीचा मालक कुणीच नसतो. १९३४ च्या कम्युनिकेशन्स ॲक्टने हे स्वच्छ सांगितलं आहे: परवाना मिळतो तो ठरावीक मुदतीपुरता वापरायचा, मालकीचा नव्हे. त्यामुळे 'स्टेशन कोणाचं' याचा खरा अर्थ 'परवाना कोणाच्या नावावर' एवढाच. आणि तो परवाना एकाच्या नावावरून दुसऱ्याच्या नावावर करायचा तर आधी एफसीसीची, म्हणजे फेडरल कम्युनिकेशन्स कमिशनची, मंजुरी लागते. आपल्याकडे जमिनीचा व्यवहार फेरफाराशिवाय सातबाऱ्यावर चढत नाही, तसंच हे. शोधणाऱ्यासाठी ही फार मोठी सोय आहे, कारण प्रत्येक हस्तांतराचा कागद कुठेतरी आहेच.

पण त्या कागदांत 'रॉक' हा शब्द तुम्हाला सापडणार नाही. स्टेशनने कुठली गाणी वाजवायची यात एफसीसी पडत नाही. हे धोरण डब्ल्यूएनसीएन या न्यूयॉर्कच्या स्टेशनच्या श्रोत्यांनी आव्हान दिल्यावर सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं आणि १९८१ साली न्यायालयाने ते उचलून धरलं. म्हणजे परवान्याचा इतिहास एक, आणि आवाजाचा इतिहास दुसरा. गावाला आठवतो तो आवाज, आणि सरकारदरबारी नोंद आहे ती परवान्याची. कित्येकदा हे दोन्ही एकाच फ्रिक्वेन्सीवर राहतच नाहीत. नाव, कॉल लेटर्स (म्हणजे एफसीसीकडे नोंदलेलं स्टेशनचं अक्षरी नाव) आणि गाणी उचलून ९८.३ वरून १०४.९ वर नेली, आणि ९८.३ वर दुसरंच काही सुरू केलं, असं खूप ठिकाणी झालं आहे.

मी हे वेगळं केलं नाही, म्हणून तीन आठवडे भलत्याच स्टेशनचे कागद वाचले. आमच्या स्टेशनची कॉल लेटर्स नंतर दोनशे मैलांवरच्या एका स्टेशनने घेतली होती आणि मी त्यांच्याच मागे गेले होते. तेव्हा शोधाच्या पहिल्याच दिवशी एक मोठा कागद घ्या, मधे उभी रेघ मारा. डावीकडे परवाना, उजवीकडे आवाज. प्रत्येक नोंदीपुढे तारीख आणि ती कुठून मिळाली ते लिहा. दोन्ही बाजू तारखांनीच जुळतील, आठवणींनी नाही.

फॅसिलिटी आयडी

कॉल लेटर्स बदलतात, नाव बदलतं, मालक बदलतो, गावसुद्धा बदलतं. न बदलणारी गोष्ट एकच: एफसीसीने स्टेशनला दिलेला फॅसिलिटी आयडी हा क्रमांक. एफसीसीच्या संकेतस्थळावर 'एफएम क्वेरी' नावाचं पान आहे. त्यात राज्य आणि फ्रिक्वेन्सी भरा. यादी येते: कॉल लेटर्स, गाव, वर्ग, किलोवॉट, अँटेनाची उंची, परवानाधारकाचं नाव आणि फॅसिलिटी आयडी. हा क्रमांक कागदाच्या डाव्या रकान्यात सगळ्यात वर मोठ्या अक्षरात लिहा आणि पुढचा सगळा शोध त्यावरूनच करा.

कॉल लेटर्सबद्दल एवढं लक्षात ठेवा की मिसिसिपी नदीच्या पश्चिमेला ती 'के'ने सुरू होतात, पूर्वेला 'डब्ल्यू'ने. पिट्सबर्गच्या केडीकेएसारखे जुने अपवाद आहेत, पण खेड्यातल्या एफएमच्या बाबतीत ते सहसा आड येत नाहीत.

फ्रिक्वेन्सी पाहूनही थोडा अंदाज बांधता येतो. पूर्वी लहान शक्तीच्या, म्हणजे क्लास ए स्टेशनांसाठी वीसच फ्रिक्वेन्सी राखून ठेवलेल्या होत्या. ९२.१, ९२.७, ९३.५, ९८.३, १००.९, १०४.९, १०७.१ ही त्यांतली काही. तुमचं स्टेशन यांच्यापैकी एखाद्या फ्रिक्वेन्सीवर असेल तर ते १९८३ च्या आधीचं असण्याची बरीच शक्यता आहे. त्या वर्षी एफसीसीने 'डॉकेट ८०-९०' नावाचा निर्णय घेतला, नवे वर्ग केले, क्लास एची बंधनं सैल केली, आणि त्यातून देशभर सहाशेहून अधिक नव्या एफएम जागा निघाल्या. खेड्यापाड्यांतली पुष्कळ रॉक स्टेशनं या लाटेतच जन्मली. त्यामुळे तुमचं स्टेशन १९८५ ते १९९० च्या दरम्यान अचानक उगवलेलं दिसलं तर कारण शोधायला लांब जाऊ नका.

हिस्ट्री कार्ड सावकाश वाचा

१९२७ पासून साधारण १९८० च्या सुमारापर्यंत प्रत्येक स्टेशनचं एक कार्ड सरकारी कचेरीत ठेवलेलं असे. काही झालं की कारकून त्यावर एक ओळ टंकलिखित करायचा. ही कार्डं एफसीसीने स्कॅन करून ठेवली आहेत. या सगळ्या शोधात माझं सर्वांत लाडकं कागदपत्र हेच. स्टेशनचा सातबारा म्हणा.

अक्षरं पुसट असतात, शाई वर-खाली सरकलेली असते, आणि सगळं संक्षेपात असतं. 'सीपी' म्हणजे कन्स्ट्रक्शन परमिट, बांधकामाची परवानगी. त्यानंतर 'लायसन्स टू कव्हर' दिसलं की बांधकाम पुरं होऊन खरा परवाना मिळाला. 'व्हॉलंटरी असाइनमेंट' म्हणजे राजीखुशीने केलेलं हस्तांतर, बहुधा विक्री. 'ट्रान्सफर ऑफ कंट्रोल' म्हणजे कंपनी तीच, पण तिचे बहुसंख्य शेअर दुसऱ्याकडे गेले. आणि 'इन्व्हॉलंटरी असाइनमेंट' दिसलं की थांबा. कुणीतरी वारलं आहे, किंवा दिवाळं निघालं आहे.

आमच्या स्टेशनच्या कार्डावर अशी एक ओळ होती. गावात सगळे एकमुखाने सांगायचे की जुना मालक गेल्यावर स्टेशन बँकेने ताब्यात घेतलं आणि मग 'पोरांनी' ते रॉक केलं. कार्डावर मात्र मालकाच्या मृत्यूनंतर चार महिन्यांनी नोंद होती: इन्व्हॉलंटरी असाइनमेंट, आणि पुढे एका बाईचं नाव, त्यापुढे 'एक्झिक्युट्रिक्स'. म्हणजे मृत्युपत्राची अंमलबजावणी करणारी स्त्री. म्हणजे त्या मालकाची विधवा. त्यानंतर दीड वर्षाने तिच्या नावावरून एका कंपनीच्या नावावर हस्तांतर, आणि त्या कंपनीची अध्यक्षही तीच. तिने ते स्टेशन नऊ वर्षं चालवलं. बँकेचा कुठे पत्ताच नाही. मी तो स्कॅन पुन्हा पुन्हा मोठा करून पाहिला, कारण अठरा वर्षांत एकानेही तिचं नाव माझ्यापाशी काढलं नव्हतं.

मग मायक्रोफिल्मवर गावाचं साप्ताहिक काढलं. तारीख हातात असल्यावर मायक्रोफिल्म वाचणं सोपं जातं, तारखेशिवाय ती वाळवंटासारखी असते. मृत्यूची बातमी सापडली. त्याच्या सात आठवड्यांनंतरच्या अंकात तिच्या सहीचं चार ओळींचं निवेदन होतं: प्रक्षेपण चालू राहील, धान्याचे भाव आणि हायस्कूलचे सामने पूर्वीसारखेच लागतील. त्यात रॉकचा उल्लेख नाही. पण रॉक तिच्याच काळात सुरू झालं.

रात्रीचं रॉक

हे कसं झालं ते समजून घ्यायला हवं, कारण खेड्यातल्या अनेक स्टेशनांची गोष्ट अशीच आहे. मूळ स्टेशन एएम असायचं, तेही फक्त दिवसाचं. रात्री एएमच्या लहरी आकाशातून परावर्तित होऊन शेकडो मैल जातात आणि दुसऱ्यांच्या कार्यक्रमांत घुसतात, म्हणून पुष्कळ लहान एएम स्टेशनांना सूर्यास्ताला बंद करावं लागे. मालकाने नंतर जोडीला एफएम घेतलेलं असायचं. एफएमला सूर्यास्ताचं बंधन नाही. दिवसभर दोन्हीवर शेतीभाव, हवामान, चर्चची सूचना, आणि संध्याकाळी एएम बंद पडलं की एफएम एकटं उरायचं. जाहिरातदारांना रात्रीचं फारसं काही पडलेलं नसे. मग हायस्कूलच्या एखाद्या मुलाला किल्ली देऊन टाकायची, त्याने आपल्या रेकॉर्डी आणायच्या आणि वाजवायच्या. काही ठिकाणी हे रात्रीचं रॉक इतकं रुजलं की पुढे दिवसही त्याने घेतला.

म्हणून उजव्या रकान्यात 'रॉक कधी सुरू झालं' याची एकच तारीख शोधू नका. रात्री सात ते अकरा कधी, शनिवारी कधी, आणि चोवीस तास कधी, अशा तीन तरी तारखा निघतील.

१९८६ नंतर आणखी एक शक्यता येते. त्या वर्षी डॅलसच्या सॅटेलाइट म्युझिक नेटवर्कने 'झेड रॉक' हा हार्ड रॉकचा कार्यक्रम उपग्रहावरून सुरू केला. तो १९९६ च्या शेवटी बंद झाला. लहान स्टेशनने एक डिश लावली की आवाज डॅलसचा आणि जाहिराती गावच्या. कुणी सांगितलं की 'आमच्या स्टेशनवर फार भारी डीजे होते', तर नम्रपणे विचारा की ते डीजे गावात कधी दिसायचे का.

अर्ज आणि त्यांचे क्रमांक

कार्डं संपतात तिथून पुढचं सगळं अर्जांमध्ये आहे. नवे अर्ज एफसीसीच्या एलएमएस या प्रणालीत मिळतात. फॅसिलिटी आयडी टाकला की यादी येते. फॉर्मचे क्रमांक पाठ करून ठेवा, आता ते 'शेड्यूल' या नावाने येतात पण आकडे तेच आहेत. ३०१ बांधकामाचा, ३०२ परवान्याचा. मालकीसाठी महत्त्वाचे तीन: ३१४ म्हणजे परवाना एका धारकाकडून दुसऱ्याकडे, ३१५ म्हणजे कंपनीचं नियंत्रण बदललं, आणि ३१६ म्हणजे वरवरचा बदल, म्हणजे स्वतःच्या नावावरून स्वतःच्याच कंपनीकडे, किंवा मृत्यूनंतर वारसांकडे.

३१४ उघडलात तर मुख्य अर्जावर थांबू नका, जोडलेली कागदपत्रं उघडा. त्यात खरेदीखत असतं, किंमत असते, आणि विकलेल्या वस्तूंची यादी असते. मी वाचलेल्या एका यादीत ट्रान्समीटर, मनोरा, तीन टर्नटेबल, दोन कार्ट मशीन, सीडीचं कपाट आणि शेवटी बसून चालवायचं गवतकापणी यंत्र होतं. मनोऱ्याभोवतीचं गवत कापायला ते लागतंच. स्टेशन म्हणजे प्रत्यक्षात काय होतं हे मला त्या एका पानाने जितकं कळलं तितकं कुठल्या मुलाखतीने कळलं नाही. 'कार्ट' माहीत नसेल तर सांगते: बंद डबीतली अखंड फिरणारी टेप, जिच्यावर जाहिरात किंवा जिंगल भरलेली असे.

इथे एक चूक सगळेच करतात. मंजुरी म्हणजे विक्री नव्हे. एफसीसीने परवानगी दिली तरी व्यवहार पैशाअभावी फिसकटू शकतो. व्यवहार पूर्ण झाल्याची 'कन्समेशन' नोटीस वेगळी दाखल होते. ती दिसत नसेल तर डाव्या रकान्यात नवीन मालक लिहू नका.

दुसरी अडचण म्हणजे एलएमए, लोकल मार्केटिंग ॲग्रीमेंट. यात परवाना एकाचा आणि वेळ विकत घेऊन स्टेशन चालवणारा दुसरा. गाव चालवणाऱ्यालाच मालक समजतं. हा करार स्टेशनच्या पब्लिक फाइलमध्ये ठेवावा लागतो. ही फाइल पूर्वी स्टुडिओतल्या कपाटात असायची आणि कुणीही जाऊन पाहू शकायचं. १ मार्च २०१८ पर्यंत सगळ्या रेडिओ स्टेशनांना ती ऑनलाइन आणावी लागली. तिच्यातली काही कागदपत्रं परवान्याच्या मुदतीनंतर काढून टाकायची मुभा असते. तेव्हा दिसलं की लगेच उतरवून घ्या, 'नंतर बघू' म्हणू नका.

सध्याची मालकी पाहायची तर ३२३, म्हणजे ओनरशिप रिपोर्ट. दर विषम वर्षी १ ऑक्टोबरची स्थिती त्यात द्यायची असते. कंपनीचे अधिकारी, संचालक, भागधारक, प्रत्येकाच्या मतांची टक्केवारी, आणि त्यांच्यात नवरा-बायको, पालक-मुलं किंवा भावंडं असं नातं असेल तर तेही. 'अमुक ब्रॉडकास्टिंग एलएलसी' या कोरड्या नावामागे पन्नास-पन्नास टक्के असलेलं एक जोडपं आहे, हे तिथे कळतं. कंपनीची मालक दुसरी कंपनी असेल तर तिचाही वेगळा ३२३ असतो. माणसाच्या नावापर्यंत पोचेस्तोवर वर चढत राहा.

तारखा नियमांशी ताडून पाहा

विक्री कधी झाली हे कळल्यावर तेव्हाच का झाली हे बरेचदा नियमांतून कळतं. १९९२ पर्यंत एका मालकाला एकाच बाजारपेठेत दोन एफएम ठेवता येत नसत. म्हणून जुन्या कागदांत सगळीकडे एक एएम आणि एक एफएम अशी जोडी दिसते. ८ फेब्रुवारी १९९६ ला टेलिकम्युनिकेशन्स ॲक्टवर सही झाली आणि देशभरात एका मालकाकडे किती स्टेशनं असावीत ही मर्यादाच गेली. स्थानिक मर्यादा राहिल्या, पण चौदा किंवा कमी स्टेशनांच्या लहान बाजारपेठेतही एकाला पाचपर्यंत घेता येऊ लागली, त्यात एकाच प्रकारची जास्तीत जास्त तीन. १९९६ ते २००० मध्ये तुमच्या गावचं घरगुती स्टेशन समूहाला विकलं गेलं असेल तर या कायद्याकडे आधी पाहा. याच कायद्याने परवान्याची मुदत आठ वर्षं केली. त्याआधी १९८१ पासून रेडिओला सात वर्षं होती, आणि त्याच्याही आधी तीन. मुदतवाढीच्या अर्जांच्या तारखा मोजताना हे हाताशी असू द्या.

१९८९ पासून स्टेशनला आपलं परवान्याचं गाव, म्हणजे परवान्यावर नोंदलेलं गाव, बदलण्याचा अर्ज करणं सोपं झालं. खेड्याची फ्रिक्वेन्सी हळूहळू जवळच्या शहराच्या दिशेने सरकते ती अशी. आणि २०१७ मध्ये एफसीसीने मुख्य स्टुडिओ त्या परिसरातच हवा हा नियम रद्द केला. मेन स्ट्रीटवरची ती खोली रिकामी झाल्याची तारीख त्यानंतरची असेल तर कारण बहुधा हेच.

आवाजाचा रकाना

'ब्रॉडकास्टिंग' हे व्यवसायाचं नियतकालिक (आधी पाक्षिक, मग साप्ताहिक) १९३१ पासून निघत होतं आणि त्याचं वार्षिक, ब्रॉडकास्टिंग इयरबुक, १९३५ पासून २०१० पर्यंत. 'वर्ल्ड रेडिओ हिस्टरी' या संकेतस्थळावर दोन्हींचे स्कॅन फुकट वाचता येतात. इयरबुकात राज्य, मग गाव, मग स्टेशन अशी रचना असते. नोंद तीन-चार ओळींची, पण ठासून भरलेली: प्रक्षेपण सुरू झाल्याची तारीख, फ्रिक्वेन्सी, ३ किलोवॉट, अँटेना ३०० फूट, परवानाधारक आणि त्याने कधी घेतलं ती तारीख, फॉरमॅट, आठवड्याला शेतीचे कार्यक्रम किती तास, आणि शेवटी व्यवस्थापक, प्रोग्रॅम डायरेक्टर, चीफ इंजिनिअर यांची नावं. रॉक असेल तर 'एओआर', म्हणजे अल्बम ओरिएंटेड रॉक, असं दिसेल. पुढे पुढे 'क्लासिक रॉक'. दरवर्षीची नोंद ओळीने उतरवा. माहिती स्टेशननेच पाठवलेली असते आणि वर्षभर शिळी असू शकते, म्हणून तिच्यावरून साल पक्कं करू नका, मर्यादा ठरवा: अमुक वर्षी नव्हतं, अमुक वर्षी होतं. साप्ताहिकातल्या 'चेंजिंग हँड्स' या सदरात विक्रीच्या बातम्या मिळतात, लहान स्टेशनांच्यासुद्धा.

गावचं वर्तमानपत्र चाळताना बातम्यांपेक्षा जाहिराती जास्त पाहा. टायरच्या दुकानाच्या जाहिरातीत कोपऱ्यात स्टेशनचा लोगो दिसतो, काउंटी फेअरच्या, म्हणजे जिल्ह्याच्या जत्रेच्या, पानावर 'स्टेशनचा ट्रक येणार' असतं. आमच्या स्टेशनच्या नावबदलाचा महिना मला पिझ्झाच्या कूपनवरून मिळाला.

कॅसेट हाती आली तर तिला 'एअरचेक' म्हणतात, म्हणजे प्रक्षेपणाचं ध्वनिमुद्रण. गाणी ऐकत बसू नका, तासाच्या ठोक्याला काय बोलतात ते ऐका. दर तासाला कायद्याने ओळख सांगावी लागते: कॉल लेटर्स आणि लगेच परवान्याचं गाव, मधे फार तर परवानाधारकाचं नाव किंवा फ्रिक्वेन्सी. एरवी स्टेशन स्वतःला काहीही म्हणवून घेवो, त्या एका वाक्यात खरं सांगावंच लागतं. दोन्ही रकाने जोडणारा हा सर्वांत भरवशाचा टाका आहे. जुनी टेप आधी कॉपी करा, मग पुन्हा पुन्हा ऐका. मूळ टेप तुटली की संपलं.

१९८१ पर्यंत रेडिओ स्टेशनांना प्रोग्रॅम लॉग, म्हणजे कधी काय लावलं याची नोंदवही, ठेवावी लागे. म्हणून त्याआधीच्या काळाची लॉगबुकं कुणाच्या तरी कोठारात असू शकतात. मुद्दाम विचारा.

माणसं आणि कोर्टहाउस

माणसांकडे शेवटी जा, कागद तयार ठेवून. 'जुन्या आठवणी सांगा' म्हटलं की सगळे तेच दोन किस्से सांगतात. त्याऐवजी इयरबुकातली नोंद समोर ठेवा आणि विचारा, हा इंजिनिअर मनोऱ्यावर वादळानंतर स्वतः चढायचा का? रेकॉर्डी कुठून यायच्या? पगार चेकने मिळायचा की जाहिरातदाराच्या दुकानात उधारी मांडून? आमच्या रात्रपाळीतला एक मुलगा आता आजोबा आहे. मी त्या बाईचं नाव घेतलं तेव्हा तो बराच वेळ गप्प बसला. मग म्हणाला, पहिल्या रात्री तिने त्याला किल्ली दिली आणि सांगितलं, दहानंतर आवाज मोठा कर, मी घरी ऐकत असते. हे कुठल्याच कार्डावर नाही. पण कार्ड नसतं तर मी त्याला हा प्रश्न विचारलाच नसता. बोलणं रेकॉर्ड करण्याआधी परवानगी लेखी घ्या, आणि ३२३ मध्ये दिसणारे जिवंत लोकांचे पत्ते कुठेही छापू नका.

मनोऱ्याच्या जमिनीसाठी काउंटीच्या कोर्टहाउसमध्ये रजिस्टर ऑफ डीड्सकडे, म्हणजे खरेदीखतं नोंदवणाऱ्या अधिकाऱ्याकडे, जावं लागतं. आमच्यासारख्या लहान काउंटीत ते काम क्लार्कच सांभाळतो. दोनशे फुटांहून उंच मनोऱ्याला एफसीसीचा नोंदणी क्रमांक असतो आणि तो मनोऱ्याच्या पायथ्याशी पाटीवर लावलेला असतो. तो ऑनलाइन टाकला की मनोऱ्याचा मालक कळतो. परवाना एकाचा, मनोरा दुसऱ्याचा, जमीन तिसऱ्या शेतकऱ्याची, असं सर्रास असतं. कंपनीच्या जन्म-मृत्यूच्या तारखा राज्याच्या सेक्रेटरी ऑफ स्टेटच्या नोंदीत मिळतात.

स्टेशन गप्प झालं असेल तर त्याचाही माग असतो. दहा दिवसांत एफसीसीला कळवावं लागतं, तीस दिवसांपुढे परवानगी लागते, आणि सलग बारा महिने प्रक्षेपण झालं नाही तर परवाना कायद्यानेच संपतो. कित्येक स्टेशनं अकराव्या महिन्यात काही दिवस चालू होऊन पुन्हा बंद झालेली दिसतील. परवाना वाचवायची ती धडपड असते. त्या तारखा वगळू नका, डाव्या रकान्यात लिहा.

सगळं जुळलं की तीन प्रती काढा. एक काउंटीच्या संग्रहालयाला, एक राज्याच्या इतिहास संस्थेला (नेब्रास्कात ती लिंकनमध्ये आहे), आणि एक गावच्या वाचनालयाला. फोल्डरवर स्टेशनची सगळी नावं, सगळी कॉल लेटर्स आणि फॅसिलिटी आयडी लिहा. शाई विटते, पेन्सिलनेच लिहा. आमच्या फोल्डरवर पहिल्या ओळीत त्या बाईचं नाव आहे.